श्रेयनामावलीत नसलेला लेखक

५ मार्च १९४३ रोजी बर्लिनमध्ये ‘म्युन्शहाउझन’ या रंगीत चित्रपटाचा पहिला खेळ झाला. निमित्त होते ‘उफा’ या चित्रसंस्थेच्या पंचविशीचे. स्टालिनग्राडला जर्मन सैन्याने शरणागती पत्करून जेमतेम महिना लोटला होता, आणि पडद्यावर तोफेच्या गोळ्यावर बसून उडणारा थापाड्या उमराव! हा चित्रपट मी पहिल्यांदा पाहिला, तेव्हा श्रेयनामावली दोनदा मागे नेली. पटकथाकाराचे नावच नाही.

पटकथा होती एरिख केस्टनरची. १० मे १९३३ ला बर्लिनच्या चौकात त्याची पुस्तके जाळली गेली, तेव्हा तो स्वतः गर्दीत उभा राहून पाहत होता. पुढे लेखनबंदी आली, गेस्टापोने दोनदा पकडले. देश मात्र त्याने सोडला नाही. १९३८ मध्ये टिल ऑयलेनश्पीगेल या लोककथेतल्या खट्याळाच्या गोष्टी त्याने मुलांसाठी नव्याने सांगितल्या, त्या छापल्या गेल्या झुरिचमध्ये.

मग १९४२ मध्ये खास परवानगी मिळाली, तीही टोपणनावाने लिहिण्याची. त्याने घेतलेले नाव बेर्टोल्ट ब्युर्गर. या उमरावाच्या थापा अठराव्या शतकात जर्मनमध्ये आणणारा कवीही ब्युर्गरच! हा योगायोग असेल असे मला वाटत नाही. ते नावही पडद्यावर आले नाही, आणि पहिल्या खेळाच्या आधीच, जानेवारीत, परवानगी काढून घेण्यात आली.

पटकथेत त्याने काय पेरले? व्हेनिसमधला कासानोव्हा राज्याच्या पाळतीपासून सावध राहायला सांगतो. चंद्रावर एक दिवस म्हणजे एक वर्ष. तिथे इमानी नोकर ख्रिस्तियान पाहता पाहता म्हातारा होऊन मरतो. त्याआधी घड्याळाची तक्रार निघते, तर उत्तर मिळते की बिघाड घड्याळात नाही, काळातच आहे. १९४३ च्या बर्लिनमध्ये हे ऐकणाऱ्याला अर्थ सांगावा लागला नसणार. तरीही मी याला बंड म्हणणार नाही. लोकांचे मन युद्धावरून उडवणारा चित्रपट गोबेल्सला हवा होता, आणि तो केस्टनरने उत्तम लिहून दिला. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत.

पुढचा प्रसंग तर त्या उमरावालाच शोभावा. मार्च १९४५ मध्ये बर्लिन पडायच्या बेतात असताना ‘उफा’चे एक पथक चित्रीकरणाच्या नावाखाली टिरोलमधल्या मायरहोफेनला गेले. पथकात केस्टनर होता. गावकऱ्यांसमोर चित्रीकरण व्हायचे, पण कॅमेऱ्यात फिल्मच नव्हती! या थापेने त्याचा जीव वाचवला.

१९५० मध्ये त्याने बूट घालणाऱ्या मांजराची परीकथा मुलांसाठी नव्याने लिहिली. त्याच वर्षी ‘म्युन्शहाउझन’च्याच दिग्दर्शकाने, योझेफ फॉन बाकीने, त्याच्या जुळ्या बहिणींच्या गोष्टीवर चित्रपट केला. पटकथा केस्टनरची, या वेळी स्वतःच्या नावाने. आणि त्यात गोष्ट सांगणारा आवाजही त्याचाच आहे.