जमावातला माणूस आणि खुनाचा कायदा

१६ ऑगस्ट १९४२ रोजी आपल्या विदर्भातील चिमूर गावी पोलिसांनी मोर्चावर गोळ्या झाडल्या. खवळलेल्या जमावाच्या हातून सरकारी अधिकारी व पोलीस मारले गेले. खटल्यात अनेकांना फाशी सुनावली गेली. देशभर आवाज उठला, तेव्हा १९४५ साली उरलेल्या फाशीच्या शिक्षा जन्मठेपेवर आल्या.

श्रोतेहो, शेकडो हातांनी घडलेल्या मृत्यूचा धनी कोण? १८६० च्या दंडसंहितेचे उत्तर कडक होते. पाच किंवा अधिकांच्या बेकायदेशीर जमावात समाईक उद्दिष्टासाठी एकाने खून केला, तर कलम १४९ प्रमाणे त्यातला प्रत्येक जण दोषी. १ जुलै २०२४ पासून न्याय संहितेचे कलम १९० तेच सांगते.

हे कलम नसते, तर दहा जणांनी एकाला ठेचून प्रत्येकाने म्हटले असते, 'शेवटचा घाव माझा नव्हे.' परंतु धुऱ्याच्या भांडणात याच कलमापायी अख्ख्या भावकीची नावे रिपोर्टात घातली जातात. म्हणून १९६४ च्या मसलती खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने दोन मर्यादा स्पष्ट केल्या. निव्वळ कुतूहलाने थांबलेला बघ्या जमावाचा घटक नव्हे. आणि आरोपी पुष्कळ असतील, तेव्हा दोन-तीन साक्षीदारांचे सांगणे जुळल्याशिवाय कोणाला दोषी धरू नये.

मोर्चा निघण्यापूर्वी मी कामगारांना एवढेच सांगतो : जमावाचा रोख मारहाणीकडे वळला, तर तिथून निघा. आणि साक्षीला उभे राहिलात, तर डोळ्यांनी पाहिलेल्याचेच नाव घ्या. त्या नावावर कोणाचा तरी गळा टांगलेला असतो.