कॅफीनचा अर्धायुकाल
शरीरातील कॅफीन निम्म्यावर येण्यास लागणारा काळ. निरोगी प्रौढांत तो साधारण ५ तास असतो. उरलेले कॅफीन = मूळ मात्रा × (१/२)ⁿ; येथे n च्या जागी गेलेले तास भागिले अर्धायुकाल. दुपारी ४ वाजता १०० मिग्रॅ. कॅफीन पोटात गेले, तर संध्याकाळी ७ ला सुमारे ६६, रात्री ९ ला ५० आणि २ ला २५ मिग्रॅ. उरते, शोषणाला लागणारा वेळ यात धरलेला नाही. मात्र ५ तासांचा आकडा सरसकट लावणे चुकीचे. विघटन मुख्यतः यकृतातील सीवायपी१ए२ या विकरामुळे होते. धूम्रपानाने ते वेगावते, गर्भनिरोधक गोळ्यांनी अर्धायुकाल जवळपास दुपटीवर जातो. नवजात अर्भकात हे विकर नगण्य असल्याने हिशेब दिवसांत करावा लागतो.