बारा पौंडांचं वाक्य

कॉलेजात समाजशास्त्र शिकवत असताना ‘कार्गो कल्ट’वर मी दर वर्षी एकच टीप उतरवून द्यायचे. मेलानेशियातले बेटवासी गोऱ्यांचा माल आपोआप येईल म्हणून वाट बघत बसतात. उदाहरण, सॉलोमन बेटांतली ‘मासिना रूल’ ही चळवळ. निवृत्त झाल्यावर जोनाथन फिफिई यांचं आत्मकथन हाती आलं आणि ती टीप मला डाचू लागली. फिफिई या चळवळीचे एक पुढारी. त्यापायी तुरुंगात गेले. त्यांच्या हकिगतीत वाट बघत बसलेलं असं कुणी दिसतच नाही.

ते तिथल्याच मालाइता बेटावरचे, क्वाइओ लोकांतले. राज्यकर्त्या इंग्रजांच्या डोईपट्टीनं या बेटाचं किती रक्त सांडलं! ४ ऑक्टोबर १९२७ रोजी पट्टी गोळा करायला बसलेल्या विल्यम बेल या अंमलदाराला बासियाना नावाच्या क्वाइओ योद्ध्यानं ठार मारलं. त्याचा सूड घ्यायला मोहीम निघाली. साठेक क्वाइओ मारले गेले, पूर्वजांची देवस्थानं विटाळली गेली, बासियानासह सहा जण फासावर चढले. फिफिई तेव्हा पोरवयाचे होते.

पुढं १९४२ साली शेजारच्या ग्वादलकनालवर महायुद्ध येऊन ठेपलं. मजूर दलात भरती झाली, महिना १ पौंडावर, आणि त्यात मालाइताचे तरुण सर्वांत जास्त. फिफिई त्या दलात सार्जंट होते. तिथं या पोरांनी काळे अमेरिकी सैनिक पाहिले: गोऱ्या सैनिकांसारखेच कपडे, तेच खाणं, तीच यंत्रं. अमेरिकी सैनिक यांना तंबूत बोलवत, शेजारी बसवून जेवू घालत. इंग्रज अधिकाऱ्यांना ते खपत नसे. सैनिकांनी दिलेल्या वस्तूही कित्येकांकडून काढून घेतल्या गेल्या. पंगतीला कोण कुणाशेजारी बसतो याचा अर्थ आपल्याकडे तरी कुणाला समजावून सांगायला नको.

ही माणसं गावी परतली ती स्वस्थ बसण्यासाठी नव्हे. ‘मासिना’ हा आरेआरे भाषेतला शब्द, भावंडांच्या नात्याचा. सरकारी कानांना तो ‘मार्चिंग’ ऐकू आला, काहींना तर ‘मार्क्सियन’! डोंगरातली कुटुंबं किनाऱ्यावर उतरली, मोठी गावं वसली, सामाईक शेती सुरू झाली. बेटाचे नऊ भाग पाडून प्रत्येकावर मुख्य नेमला. रूढी आणि न्याय आपले आपण ठरवायचे, त्या लिहून काढायच्या. आणि महिना १२ पौंड मिळाल्याशिवाय गोऱ्यांच्या मळ्यांवर पाऊल टाकायचं नाही.

अमेरिकी जहाजं माल भरून परत येणार, ही अफवाही होती. काही ठिकाणी त्यासाठी गोदामं बांधली गेली. ते मी झाकून ठेवत नाही. ज्यानं आयुष्यात पहिल्यांदा बरोबरीनं बसवलं, तो परत यावा असं वाटण्यात मला वेडेपणा दिसत नाही. पण माझ्या टिपेत गोदामं होती, बारा पौंड नव्हते. मजुरी मागणाऱ्याला भोळा भाविक ठरवलं की मजुरीचा प्रश्नच उरत नाही, आणि ते काम मी इतकी वर्षं खडू हातात घेऊन करत होते.

३१ ऑगस्ट १९४७ रोजी पुढाऱ्यांची धरपकड सुरू झाली. आपल्याकडे स्वातंत्र्याला जेमतेम सोळा दिवस झाले होते. सक्तमजुरीच्या शिक्षा झाल्या. तरी लोक हटेनात. डोईपट्टी द्यायची नाही, शिरगणतीला नावं सांगायची नाहीत. गावांभोवतीची कुंपणं पाडायचा हुकूम निघाला, तो मोडून माणसं जथ्याजथ्यानं तुरुंगात गेली. यालाच आपण जेलभरो म्हणतो. अखेर १९५० साली पुढारी सुटले, १९५३ साली मालाइता कौन्सिल स्थापन झालं आणि त्याच्या अध्यक्षपदी चळवळीतलेच सलाना गाआ आले. फिफिई पुढं लोकांनी निवडून दिलेले प्रतिनिधी झाले.

परवा एका जुन्या विद्यार्थिनीचा फोन आला. ती आता तोच विषय शिकवते, माझ्याच वहीवरून. तिला म्हटलं, “वही काढ, आणि गोदामांच्या आधी बारा पौंडांचं वाक्य घाल.” ती लिहून घेईपर्यंत मी फोन ठेवला नाही.