वागळे कुठले?

साल १९८८. डोंबिवलीतल्या दोन खोल्यांच्या घरात तुम्ही सतरंजीवर अंग चोरून बसला आहात. तुम्ही कोण, असं कुणी विचारत नाही. टीव्ही असलेल्या घरात संध्याकाळी चार परकी माणसं असायचीच. लाकडी शटर सरकतं. आधी मुंग्या, मग चित्र.

ऑक्टोबरपासून रविवारी सकाळी इथेच ‘महाभारत’ लागतं, बाणावर बाण आदळतात. आज मात्र ‘वागळे की दुनिया’. मुंबईतला एक सेल्स क्लार्क आणि त्याचं घर. सूड नाही, खलनायक नाही.

“हे वागळे कुठले? गोव्याकडचे का?” आजी विचारतात. वागळे झालेले अंजन श्रीवास्तव मुळात मराठीच नाहीत, हे ओठांवर आलेलं तुम्ही गिळता. वागळेच्या बायकोला, राधिकेला, मात्र त्या लगेच ओळखतात. “ही भारती. माणिक वर्मांची मुलगी.” म्हणजे घरातलीच झाली!

आता पडदा सोडा, खोलीकडे बघा. कोपऱ्यात नुकतेच लोकलमधून उतरलेले काका आहेत, अजून ऑफिसच्याच पँटमध्ये. वागळे कुणापुढे कसनुसं हसला की पोरं खिदळतात. काका हसत नाहीत. त्यांचा हात खिशाकडे जातो, पास चाचपतो.

ही करामत दोघांची. आर. के. लक्ष्मण यांचा सामान्य माणूस १९५१ पासून ‘टाइम्स’च्या चौकटीत चौकड्यांचा कोट घालून उभा आहे, बोलत नाही, नुसता बघतो. त्यांच्याच कल्पनेतल्या वागळेला मालिकेत बोलावं लागतं, पण मला विचाराल तर तो बोलता बोलता अडखळतो तिथेच खरा भेटतो. आणि दिग्दर्शक कोण, तर कुंदन शाह! ‘जाने भी दो यारों’मध्ये ज्यांनी अख्खं महाभारत रंगमंचावर उधळून लावलं, ते इथे वागळेकडे त्याच्याच उंचीवरून बघतात. कारकुनाकडे वरून बघितलं की कीव येते, खालून बघितलं की भाषण. त्यांना दोन्ही नकोत.

जमलं तर आणखी थोडे दिवस राहा. एका भागात वागळेला गाडीची धडक बसते. गाडी चालवणारा पोरगा दिल्लीचा, केस कपाळावर, नाव शाहरुख खान. पुढचं सगळं तुम्हाला ठाऊक आहे, पण इथे सांगू नका. काकांना चिंता एकच: वागळेची रजा भरपगारी धरतील की नाही?