सलगम (उष्ण प्रदेशातील जाती व लागवड)

सलगम : मोहरी, मुळा व कोबी यांच्या कुलातील (ब्रासिकेसी) कंदभाजी. शास्त्रीय नाव ब्रासिका रापा, उपजाती रापा. हिंदीत शलजम किंवा शलगम, पंजाबीत गोंगलू, काश्मिरीत गोगजी. फुगलेला भाग निव्वळ मूळ नसतो; अधराक्ष (बीजपत्रांखालचे खोड) आणि सोटमुळाचा वरचा भाग मिळून तो बनतो. बाजारात नवलकोलशी त्याची गल्लत होते. नवलकोल कोबीच्या जातीतले असून त्याचे खोड जमिनीच्या वर फुगते व त्यावर देठांचे वण सर्वत्र दिसतात. सलगमाची पाने फक्त माथ्यावर झुबक्याने येतात.

मूलस्थान : युरोप ते मध्य आशिया हा पट्टा मानला जातो, त्यातील नेमक्या ठिकाणाविषयी मतभेद आहेत. 18व्या शतकात इंग्लंडमधील नॉर्फकमध्ये गहू, सलगम, सातू व क्लोव्हर ही चौपिकी फेरपालट रूढ झाली. तिच्या प्रसाराशी चार्ल्स टाउनशेंड यांचे नाव जोडले जाते. तेथे सलगम मुख्यतः जनावरांच्या हिवाळी चाऱ्यासाठी होता.

हवामान : मुळात थंडीचे पीक. तापमान 10° ते 15° से. असताना कंद कोवळा, गोडसर व बारीक पोताचा होतो. उष्मा वाढला की पाला माजतो, कंद लवकर निबर होतो, आडवा कापल्यावर धागे सुटलेले दिसतात आणि चव तिखट लागते. हा तिखटपणा मोहरीच्याच जातीचा. पेशी चिरल्या की त्यांतील गंधकयुक्त ग्लुकोसिनोलेटांचे विकराच्या क्रियेने विघटन होऊन तो निर्माण होतो.

जाती : उष्ण प्रदेशात पीक साधते की बिघडते हे बहुतांशी जातीच्या निवडीवर ठरते, खते-पाण्याचा क्रम त्यानंतरचा. जातींचे दोन गट आहेत. आशियाई गट उष्णता सोसतो, लवकर तयार होतो, मैदानी प्रदेशात बीही धरतो. मात्र चवीला उग्र असतो. युरोपीय गटाची चव सौम्य असते, पण त्याला थंडी लागते आणि बी फक्त डोंगरी भागात मिळते. ‘पर्पल टॉप व्हाइट ग्लोब’, ‘स्नोबॉल’ व ‘गोल्डन बॉल’ युरोपीय गटातील. पहिल्याचा माथा जांभळा व खालचा भाग पांढरा असून चित्रांत सहसा तोच दाखवतात, त्यामुळे हौशी बागायतदार उष्ण भागातही तोच निवडून निराश होतात.

दोन्ही गटांचे गुण एकत्र आणण्याचे काम भारतीय कृषी संशोधन संस्थेने केले. त्यात कुलू खोऱ्यातील कटराईं केंद्राचा वाटा मोठा आहे. ‘पुसा कांचन’ हा स्थानिक लाल गोल आशियाई वाण व ‘गोल्डन बॉल’ यांचा संकर. त्याची साल लाल व गर पिवळसर असून आशियाई वाणाचे उत्पादन व युरोपीय वाणाचा पोत त्यात बऱ्यापैकी जुळले आहेत. ‘पुसा चंद्रिमा’ (जपानी व्हाइट × स्नोबॉल) पांढरी, चपटगोल व 50–60 दिवसांची. ‘पुसा स्वर्णिमा’ (जपानी व्हाइट × गोल्डन बॉल) पिवळसर व 65–70 दिवसांची. या दोन्हींना ऑक्टोबरपासून पुढचीच पेरणी मानवते. ‘पुसा स्वेती’ आणि लुधियानाच्या पंजाब कृषी विद्यापीठाची ‘पंजाब सफेद 4’ या आशियाई गटातील पांढऱ्या जाती ऑगस्ट-सप्टेंबरच्या उष्म्यातही पेरता येतात व सुमारे 45 दिवसांत काढणीस येतात. उलटा क्रम महागात पडतो. स्वर्णिमा ऑगस्टमध्ये पेरल्यास पाल्यावर समाधान मानावे लागते. स्वेती ऐन थंडीत पेरल्यास कंद भरण्याआधीच, कांद्याला डेंगळे यावेत तसा, फुलदांडा निघण्याचा धोका असतो.

महाराष्ट्रात हे पीक किरकोळ. निफाड, नाशिक, पुणे यांसारख्या पठारी भागांत डिसेंबर-जानेवारीच्या रात्री 10° से.च्या आसपास उतरतात. तेथे ऑक्टोबरअखेर ते नोव्हेंबरमध्ये पेरलेली चंद्रिमा किंवा कांचन योग्य. कोकण व गोव्यात रात्री पुरेशा थंड होत नसल्याने आशियाई जाती घेऊन कंद लहान असतानाच काढावेत. काश्मिरी कंदाची गोडी तेथे अपेक्षू नये.

लागवड : पोयट्याची भुसभुशीत जमीन उत्तम. भारी काळ्या जमिनीत कंद वेडेवाकडे होतात, म्हणून वरंब्यावर पेरणी करावी. हेक्टरी 3–4 किग्रॅ. बी पुरते. वरंब्यांत 30–45 सेंमी. अंतर ठेवून बी सुमारे 1 सेंमी. खोल टाकतात. विरळणी करून दोन रोपांत 10–15 सेंमी. अंतर राखणे अत्यावश्यक. जिवावर येऊन ती टाळली की पाला दाट होतो व कंद बोटाएवढेच राहतात. माती कोरडी पडून एकदम भरपूर पाणी मिळाल्यास कंद तडकतात. कंद 5–8 सेंमी. व्यासाचे झाले की काढावेत; उशीर झाल्यास गाभा भेंडासारखा पोकळ होतो.

बीजोत्पादन : सलगम परपरागित असून मधमाश्या परागण करतात. तोरिया, पिवळी सरसों व चिनी कोबी याच जातीतील असल्याने त्यांच्याशी सहज संकर होतो. ब्रासिका जातींचे परस्पर नाते दाखवण्यासाठी नागाहारू उ यांनी 1935 मध्ये मांडलेल्या त्रिकोणात या साऱ्यांचा गुणसूत्रसंच (10 जोड्या) एकाच टोकाला येतो. म्हणून पायाभूत बियाण्यासाठी 1,600 मी. व प्रमाणित बियाण्यासाठी 1,000 मी. विलगीकरण अंतर ठेवतात. शुद्ध बियाण्यासाठी कंद एकदा उपटून आकार, रंग व गर पारखतात. भेसळ काढून टाकल्यावर निवडलेल्या कंदांचा पाला वरून छाटतात, पण मधला कोंब राखतात. सोटमुळाचे टोकही कापतात आणि कंद पुन्हा मातीत बसवतात. हा खटाटोप टाळून जागेवरच बी धरू दिल्यास उत्पादन स्वस्त पडते, परंतु कंदाची पारख होत नाही. युरोपीय जातींना फुलण्यापूर्वी काही आठवडे थंडी मिळावी लागते, म्हणून त्यांचे बी कुलू व काश्मीर खोऱ्यांत तयार होते.

कीड व रोग : मावा, मोहरीवरील काळी माशी, पांढरा तांबेरा, करपा. बोरॉनच्या अभावी गाभा तपकिरी पडतो. बाहेरून मात्र कंद धड दिसतो.

घटक : 100 ग्रॅ. कंदात सुमारे 92 ग्रॅ. पाणी व 21 मिग्रॅ. क जीवनसत्त्व. पाल्यात कॅल्शियम व क जीवनसत्त्व कंदापेक्षा बरेच जास्त असते.

उपयोग : भाजी, लोणचे, काश्मीरमध्ये शबदेग (सलगम व मांसाचा पदार्थ) व हिवाळ्यासाठी वाळवलेल्या चकत्या.