आंग्र्यांची समुद्रविद्या: कमावली कशी, गमावली कशी

आजची सुरुवात आपण एका लघुपटापासून करू. रोआल्ड डाल यांच्या कथेवर वेस अँडरसन यांनी २०२३ मध्ये हेन्री शुगरची गोष्ट पडद्यावर आणली. एक श्रीमंत माणूस वर्षानुवर्षं साधना करून डोळ्यांशिवाय पाहायला शिकतो. कशासाठी? तर पत्त्यांच्या जुगारात जिंकायला! विद्या साधते, पण जिंकण्यातली गोडी निघून जाते, आणि मग तो पैसा अनाथ मुलांसाठी लावतो. गोष्टीत माणूस असा सावरतो. इतिहासात सावरला नाही तर काय होतं, हे बघायला आपल्याला लांब जायला नको. अलिबागच्या किनाऱ्यावर उभं राहिलं की समोरच कुलाबा किल्ला दिसतो.

या किल्ल्यावरून कान्होजी आंग्र्यांनी जी विद्या कमावली, ती खरोखर असामान्य होती. इंग्रजांची जहाजं मोठी, तोफा जास्त. पण त्यांना खोल पाणी लागे आणि वारा पडला की ती जागच्या जागी अडकत. आंग्र्यांची गलबतं वल्ह्यांवर चालत, उथळ खाडीत शिरत. वारा नसेल तेव्हा तीच गलबतं गुराबांना ओढून नेत. शत्रूच्या बहुतेक तोफा जहाजाच्या दोन्ही कुशींना असत, म्हणून हे मागच्या बाजूने जात आणि नाळेवरच्या तोफांनी मारा करत. भरती-ओहोटी, वारे, खडक यांचं पिढ्यान्‌पिढ्यांचं ज्ञान त्यामागे होतं, आणि ते मुख्यतः कोळी-भंडारी खलाशांचं होतं, हे आपण विसरतो.

कान्होजी निःस्वार्थी होते असं आम्ही म्हणणार नाही. दस्तकाचा पैसा त्यांच्याही तिजोरीत येई. पण बाळाजी विश्वनाथांशी समेट करून ते शाहू महाराजांच्या बाजूला आले आणि त्यांचं आरमार राज्याशी जोडलं गेलं. १७२१ मध्ये इंग्रज आणि पोर्तुगीज मिळून कुलाब्यावर चालून आले, तेव्हा बाजीराव मदतीला धावून आले. मोहीम फसली.

१७२९ मध्ये कान्होजी गेले. थोरले सेखोजी १७३३ मध्ये वारले, आणि भाऊबंदकी पेटली. १७३५ मध्ये बाजीरावांनी वाटणी करून दिली: कुलाबा मानाजींकडे, दक्षिणेकडचे किल्ले संभाजींकडे. पण १७४० मध्ये संभाजी आंग्र्यांनी कुलाब्यालाच वेढा दिला, आणि मानाजींच्या मदतीला पेशव्यांबरोबर कोण आलं? मुंबईचे इंग्रज! एकोणीस वर्षांपूर्वी जे हा किल्ला घ्यायला आले होते, तेच आता तो वाचवायला आले.

संभाजींच्या मागून आलेले तुळाजी दर्यावर्दी म्हणून बापाच्या तोलाचे. पण त्यांनी पेशव्यांचा अधिकार मानला नाही. विद्या तीच, पण ती आता एका घराच्या मालकीची झाली. पेशव्यांनीही घरचं भांडण मिटवायला १७५५ मध्ये इंग्रजांशी करार केला. त्याच वर्षी सुवर्णदुर्ग पडला. फेब्रुवारी १७५६ मध्ये वॉटसन आणि क्लाइव्ह विजयदुर्गावर आले. बंदरात उभ्या असलेल्या जहाजांना आग लागली आणि ती एकावरून दुसऱ्यावर पसरत गेली. तुळाजींचं आरमार जळालं. ते स्वतः पेशव्यांच्या कैदेत गेले आणि कैदेतच वारले.

दोष एकट्या तुळाजींचा नाही. त्यांना आरमार म्हणजे आपली मिळकत वाटली, पेशव्यांना ते बंडखोराचं हत्यार वाटलं. हे आपल्या सगळ्यांचं आहे, असं म्हणणारं कोणी उरलं नव्हतं. जहाजं पुन्हा बांधता येतात. पण ती चालवणारे खलाशी पांगले, की शिकवणार कोण?

कुलाब्याच्या आंग्र्यांची गादी पुढे १८४० पर्यंत टिकली. वारस नाही म्हणून कंपनीने संस्थान खालसा केलं, तेव्हा समुद्रावर आंग्र्यांचा दरारा उरलेला नव्हता.

अलिबागला गेलात तर ओहोटीची वेळ विचारून किल्ल्यावर चालत जा. वेळ सांगणारा बहुधा कोळीच असेल. त्या विद्येतलं जे उरलंय, ते त्याच्याकडे आहे. आता तुमचे प्रश्न घेऊ.