थ्रीजीच्या आधी आलेली थ्रीजीपी

परभणी जिल्ह्यातल्या बहुतेक घरांत इंटरनेट पहिल्यांदा आलं ते नखाएवढ्या मेमरी कार्डातून. २०१० च्या आसपास गंगाखेड, जिंतूर, सेलूच्या मोबाईल दुकानांत दहा-वीस रुपयांत एक-दोन जीबीचं कार्ड भरून मिळायचं. दुकानातल्या कॉम्प्युटरवर फोल्डर असत: जुनी गाणी, भीमगीते, कीर्तन, कॉमेडी. एकाने भरून आणलं की ते एसटीत, शाळेत, आखाड्यावर ब्लूटूथने पसरायचं. भारनियमनाचं वेळापत्रक बघूनच बाजाराला निघावं लागे, हे वेगळं सांगायला नको.

या फायली थ्रीजीपी प्रकारच्या. नावातलं थ्रीजी म्हणजे मोबाईल नेटवर्कची तिसरी पिढी. तिच्यासाठीच हा साचा ठरवला गेला. भारतात ही सेवा पहिल्यांदा डिसेंबर २००८ मध्ये दिल्लीत एमटीएनएलने सुरू केली, खासगी कंपन्यांची त्यानंतर दोनेक वर्षांनी. आमच्याकडे फाईल आधी पोचली, नेटवर्क मागाहून.

गेल्या दिवाळीत घरातली सात जुनी कार्डं मी लॅपटॉपला लावली. दोन उघडलीच नाहीत. अशा कार्डात माहिती म्हणजे सूक्ष्म कप्प्यांत अडकवलेला विद्युतभार; वर्षानुवर्षं पडून राहिलं की तो झिरपत जातो. कॅसेटला बुरशी लागलेली निदान दिसते तरी.

उरलेल्यांत बहुतेक व्हिडिओ १७६ बाय १४४ चे. म्हणजे पंचवीस हजार ठिपके. आजच्या फुल एचडी चित्रात त्याच्या ऐंशीपट असतात. नवरीचा चेहरा म्हणजे चार-पाच चौकोन. आवाजाची गोष्ट मात्र गमतीची आहे. अनेक फायलींत तो एएमआर पद्धतीने दाबलेला, आणि ही पद्धत मुळात फोनवरच्या बोलण्यासाठी. सेकंदाला आठ हजार नमुने, त्यामुळे चार हजार हर्ट्झच्या वरचं सगळं गळून जातं. टाळांचा खणखणाट नेमका तिथला. म्हणून इंदुरीकर महाराजांच्या कीर्तनातलं बोलणं आजही शब्द न् शब्द कळतं, पण टाळ पत्र्याचे वाटतात. गाण्यांचे हाल झाले, कीर्तन तरलं. आमच्याकडे बोलघेवडी कीर्तनं आणि भाषणं एवढी फिरली त्यामागे भक्ती-राजकारणाइतकाच या दाबणीचाही हात असावा, असं मला वाटतं.

तारखा तर विचारूच नका. बॅटरी काढली की अनेक फोनांचं घड्याळ मूळपदावर जाई. थ्रीजीपीत वेळ मोजतात ती १ जानेवारी १९०४ पासूनच्या सेकंदांत. तो रकाना शून्य राहिला तर काही सॉफ्टवेअर सरळ १९०४ साल दाखवतात. त्या हिशेबाने आमच्या चुलतबहिणीचं जिंतूरचं लग्न निजामाच्या राज्यात लागलं. खरं साल मांडवातल्या पंख्यावरून, पाहुण्यांच्या हातातल्या फोनांवरून आणि शेवटी आईला विचारून काढलं.

सप्टेंबर २०१६ मध्ये जिओ आलं आणि कार्ड भरणारी दुकानं कव्हर-चार्जरवर आली. फोल्डर कॉम्प्युटरसोबत भंगारात गेले. यूट्यूबवरचा पहिला, २००५ चा एकोणीस सेकंदांचा व्हिडिओ आजही जागेवर आहे. या फोल्डरांची यादी कुणी ठेवलेली नाही. नावंसुद्धा दुकानदारांनी घातलेली, ‘किर्तन कॉमेडी नवीन ३’ अशी. कुणी बोललं, कुठल्या गावात, कुठल्या सप्त्यात, काही नाही.

माझ्याकडे एका कीर्तनाचे भाग एक, दोन आणि चार आहेत. दोनच्या शेवटी महाराज सासू-सुनेचा किस्सा सुरू करतात, आणि चार उघडतो तेव्हा मांडव आधीच हसत असतो. भाग तीन पालम किंवा पूर्णेतल्या कुणाच्या कपाटात असेल तर मला हवा आहे.